टायलरचा पायंडा

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांची राज्यघटना १७८७ च्या उन्हाळ्यात फिलाडेल्फियास सिद्ध झाली, तेव्हा अध्यक्ष अधिकारावर असताना वारला तर काय करावयाचे याचा विचार तिच्या कर्त्यांनी केला नव्हता असे नाही. परंतु जे दोन-तीन निरनिराळे मसुदे त्यांच्यापुढे होते ते एकत्र करून भाषा आटोपशीर करण्याचे काम ज्या समितीकडे सोपविले गेले, तिच्या हातून संक्षेपाच्या भरात अर्थच धूसर झाला. अध्यक्ष मृत झाल्यास, पदच्युत झाल्यास अथवा कामास असमर्थ ठरल्यास ‘ते’ उपाध्यक्षाकडे जाईल, एवढेच कलमात राहिले. आणि ‘ते’ म्हणजे साक्षात अध्यक्षपद, की त्या पदाचे केवळ अधिकार व कर्तव्ये, हे कलमावरून कळण्यास मार्ग उरला नाही. पहिल्या अर्थाने उपाध्यक्ष गादीचा धनी होतो, दुसऱ्या अर्थाने तो निव्वळ मुखत्यार. पुढे १८०४ मध्ये जी बारावी दुरुस्ती झाली तिची भाषा तर मुखत्यारीच्याच बाजूने झुकणारी होती. पण वॉशिंग्टनपासून व्हॅन ब्यूरेनपर्यंत आठही अध्यक्ष आपापली मुदत हातीपायी धड राहून पुरी करून गेल्यामुळे बावन्न वर्षे या प्रश्नाची निकड कोणाला भासली नाही.

ती भासविली विल्यम हेन्री हॅरिसनने. अडुसष्टाव्या वर्षी निवडून आलेल्या या वृद्ध सेनानीने ४ मार्च १८४१ रोजी, बोचऱ्या थंडीत, डोक्यावर टोपी नाही व अंगावर ओव्हरकोट नाही अशा थाटात, जवळजवळ दोन तास अधिकारग्रहणाचे भाषण केले. साडेआठ हजारांच्या घरात शब्दसंख्या जाणारे हे भाषण आजतागायत सर्वांत लांब गणले जाते, आणि ते रोमन इतिहासातील दाखल्यांनी इतके फुगले होते की, डॅनियल वेब्स्टरने मूळ मसुद्याला कात्री लावली नसती तर श्रोत्यांवर काय प्रसंग ओढवला असता कोण जाणे. बरोबर एका महिन्याने, ४ एप्रिलच्या मध्यरात्रीनंतर थोड्याच वेळात, हॅरिसन वारला. लोकांनी त्याचा ठपका त्या दिवशीच्या गारठ्यावर ठेवला. परंतु आजारपण भाषणानंतर तीन आठवड्यांनी सुरू झालेले असल्यामुळे, अध्यक्षीय निवासाच्या दूषित पाण्याकडे बोट दाखविणारे अलीकडचे वैद्यकीय अनुमान मला अधिक सयुक्तिक वाटते.

उपाध्यक्ष जॉन टायलर त्या वेळी व्हर्जिनियातील विल्यम्सबर्ग येथे स्वगृही होता. उपाध्यक्षाला राजधानीत काम असे नव्हतेच, आणि त्याची तिथे उणीवही कोणास जाणवत नसे. ५ एप्रिलच्या पहाटे परराष्ट्रमंत्री वेब्स्टर याचा पुत्र फ्लेचर याने दार ठोठावून मृत्यूची वार्ता दिली. (त्या वेळी टायलर आपल्या मुलांबरोबर गोट्या खेळत होता अशी एक गोड दंतकथा आहे, पण पहाटेच्या अंधारात गोट्या खेळणारा एक्कावन्न वर्षांचा वकील डोळ्यांपुढे आणणे कठीण आहे.) जलमार्ग व आगगाडी असा मिळेल तो प्रवास करीत दुसऱ्या दिवशीच्या पहाटे तो वॉशिंग्टनला पोहोचला आणि ब्राऊनच्या ‘इंडियन क्वीन’ हॉटेलात उतरला. तेथेच मंत्रिमंडळाच्या समक्ष न्यायाधीश विल्यम क्रँच याने त्याला अध्यक्षपदाची शपथ दिली. या शपथेच्या दस्तऐवजातच टायलरचा सारा कावा साठविलेला आहे. उपाध्यक्ष म्हणून घेतलेली शपथ पुरेशी असून नव्या शपथेवाचूनही आपण अध्यक्षच आहो, मात्र पुढे कोणी शंका काढू नये म्हणून केवळ सावधगिरीखातर ही शपथ घेत आहो, असे त्याने न्यायाधीशाकडून त्या दाखल्यावर लिहवून घेतले. हक्काची दुय्यम प्रत करून ठेवावी आणि मूळ हक्क दुय्यम प्रतीवर अवलंबून नाही असेही त्याच कागदावर नमूद करून घ्यावे, हे मुरलेल्या वकिलालाच सुचावे.

मंत्रिमंडळाची पहिली बैठक भरली तेव्हा वेब्स्टरने, दिवंगत अध्यक्षाच्या वेळी सर्व निर्णय बहुमताने होत व अध्यक्षालाही एकच मत असे, अशी वहिवाट पुढे मांडली, असे सांगतात. टायलरने ती तिथल्या तिथे झिडकारली; कारभाराची जबाबदारी आपली आहे, ज्यांना हे मान्य नसेल त्यांनी राजीनामे द्यावेत, असा त्याच्या उत्तराचा आशय होता. बाहेरही कुरकुर चालूच होती. माजी अध्यक्ष जॉन क्विन्सी ॲडम्स याने आपल्या रोजनिशीत, हा मनुष्य कार्यकारी अध्यक्ष म्हणवून घेण्याऐवजी अध्यक्ष म्हणवितो हे घटनेच्या व्याकरणाला आणि संदर्भाला धरून नाही, असा आक्षेप नोंदविला. आणि मौज अशी की, टायलरला शपथ देणारा क्रँच हा याच ॲडम्सचा सख्खा मावसभाऊ! विरोधकांनी ‘अपघाती अध्यक्ष’ ही पदवी टायलरला बहाल केली. ‘कार्यकारी अध्यक्ष’ अशा मायन्याचे लखोटे तो न फोडता परत पाठवी अशी आख्यायिका आहे. वाद निव्वळ मानापानाचा नव्हता. उपाध्यक्षाचा वार्षिक तनखा पाच हजार डॉलर होता आणि अध्यक्षाचा पंचवीस हजार. अखेर काँग्रेसचे खास अधिवेशन भरले तेव्हा, टायलरचा उल्लेख ‘अध्यक्षाचे अधिकार ज्याच्याकडे आले आहेत असा उपाध्यक्ष’ या प्रकारे करावा, ही सूचना सिनेटने १ जून १८४१ रोजी ३८ विरुद्ध ८ मतांनी फेटाळली. घटनेत एक अक्षर न बदलता प्रश्न निकालात निघाला.

पद पक्के झाले तरी सुख लाभले नाही. टायलर मूळचा डेमोक्रॅट. व्हिग पक्षाने त्याला उमेदवारी दिली ती दक्षिणेकडील मतांवर नजर ठेवून. राष्ट्रीय बँकेची दोन विधेयके त्याने त्याच उन्हाळ्यात नकाराधिकार वापरून परत धाडली, तेव्हा सप्टेंबरात वेब्स्टरखेरीज सर्व मंत्र्यांनी राजीनामे दिले आणि पक्षाने आपल्याच अध्यक्षाला बहिष्कृत केले. १८४३ च्या जानेवारीत त्याच्यावर महाभियोग चालविण्याच्या दृष्टीने चौकशी व्हावी असा ठराव आला, तोही पडला. पक्ष नाही, सन्मान नाही, पुन्हा निवडून येण्याची आशा नाही, अशा स्थितीत हा गृहस्थ सारी मुदत पुरी करून आणि जाता जाता टेक्सासच्या विलीनीकरणाच्या ठरावावर सही करून पायउतार झाला. पुढे यादवी युद्धात त्याने बंडखोर दक्षिणेची बाजू धरली, त्यांच्या विधिमंडळावर निवडून आला, आणि १८६२ मध्ये रिचमंड येथे वारला तेव्हा वॉशिंग्टनच्या सरकारने त्याचे सुतकही पाळले नाही.

त्याचा पायंडा मात्र टिकला. १८५० मध्ये अध्यक्ष झॅकरी टेलर वारला, तेव्हा उपाध्यक्ष फिलमोरला शपथ देण्यास तोच वृद्ध क्रँच आला आणि ‘कार्यकारी’ या विशेषणाची आठवणही कोणी काढली नाही. उपाध्यक्ष कॅल्विन कूलिजचा प्रसंग तर फारच रम्य आहे. अध्यक्ष हार्डिंगच्या मृत्यूची वार्ता व्हर्मॉन्टमधील प्लिमथ नॉच या खेड्यात पोहोचली, तेव्हा कूलिज वडिलांच्या घरी निजलेला होता; घरात टेलिफोन नव्हता, वीज नव्हती; ३ ऑगस्ट १९२३ रोजी रात्री दोन वाजून सत्तेचाळीस मिनिटांनी, बैठकीच्या खोलीत, रॉकेलच्या दिव्याच्या उजेडात, नोटरी असलेल्या पित्याने पुत्राला राष्ट्राध्यक्ष केले, आणि राष्ट्राध्यक्ष पुन्हा जाऊन झोपला. संस्थानी नोटरीला असा अधिकार पोहोचतो का, अशी शंका निघाल्यामुळे वॉशिंग्टनला हॉटेलात गुपचूप दुसरी शपथ देववण्यात आली. टायलरची सावधगिरी ऐंशी वर्षांनंतरही सुटलेली नव्हती.

मात्र या पायंड्याची एक काळी बाजू आहे, आणि टायलरची तारीफ करणारे ती सहसा सांगत नाहीत. मृत्यू आणि असमर्थता यांना घटनेने एकाच वाक्यात बसविले होते. उपाध्यक्ष एकदा अध्यक्ष झाला की कायमचाच झाला, असे टायलरने ठरविल्यामुळे, आजारी अध्यक्षाचा कारभार तात्पुरता हाती घेण्याचा मार्गच बुजला. कारण तो बरा झाला तर त्याने परत यावयाचे कुठे? १८८१ मध्ये अध्यक्ष गारफील्ड गोळी लागून एकोणऐंशी दिवस अंथरुणावर होता, पण उपाध्यक्ष आर्थर सत्ता बळकावण्याचा आळ येईल या भयाने बहुतेक काळ न्यूयॉर्कमध्येच राहिला. नंतर अध्यक्ष झाल्यावर त्याच्या ध्यानात आले की, सिनेटला हंगामी सभापती नाही, प्रतिनिधिगृहालाही सभापती नाही, म्हणजे आपण मेलो तर वारस कोणीच नाही. तेव्हा सिनेटचे अधिवेशन बोलाविणारे फर्मान लिहून त्याने अध्यक्षीय निवासाच्या पत्त्यावर टपालात टाकले, आणि स्वतः वॉशिंग्टनला सुखरूप पोहोचल्यावर ते नष्ट केले. १९१९ च्या ऑक्टोबरात अध्यक्ष विल्सनला पक्षाघात झाला, तेव्हा तर प्रकरण याहूनही बिकट झाले. पत्नी व खाजगी वैद्य यांनी अध्यक्षाच्या खोलीचे दार अडवून धरले, उपाध्यक्ष मार्शल पाऊल टाकावयास धजला नाही, आणि जगाच्या तहनाम्याचा वाद ऐन भरात असताना एका बलाढ्य राष्ट्राचा कारभार रुग्णशय्येवरून, दीड वर्षाच्या आसपास, जमेल तसा हाकला गेला. ही हानी टायलरच्या खाती सर्वस्वी मांडणे अन्यायाचे होईल, परंतु काही अंशी ती मांडलीच पाहिजे.

अध्यक्ष केनेडीच्या हत्येनंतर सर्वांचे डोळे उघडले. पंचविसाव्या दुरुस्तीस १० फेब्रुवारी १९६७ रोजी आवश्यक तितक्या राज्यांची मान्यता मिळाली. अध्यक्ष मृत झाल्यास, पदच्युत झाल्यास वा राजीनामा दिल्यास उपाध्यक्ष अध्यक्षच होतो, असे तिच्या पहिल्या कलमात स्पष्ट लिहिले गेले, आणि आजारपणातील कारभार पुढच्या कलमांत निराळा काढून ‘कार्यकारी अध्यक्ष’ हे नाव त्यालाच राखून ठेवण्यात आले. म्हणजे ॲडम्सचेही अर्धे म्हणणे अखेर घटनेत आले. पहिल्या कलमान्वये अध्यक्ष झालेला पहिला आणि आजवरचा एकमेव मनुष्य म्हणजे जेराल्ड फोर्ड. निक्सनच्या राजीनाम्यानंतर त्याने ९ ऑगस्ट १९७४ रोजी शपथ घेतली.