मराठी कादंबरीचे आद्य कर्ते : बाबा पदमनजी

आमच्या धर्मग्रामाच्या महोत्सवाच्या स्मरणिकेंत एका प्रॉटेस्टंट ग्रंथकाराचें चरित्र कशाला, असा प्रश्न कित्येक वाचकबंधुभगिनींच्या मनांत येईल. कांहीं वर्षांपूर्वीं तो आमच्याही मनांत आला असता. मराठी ख्रिस्ती वाङ्मय म्हटलें कीं आपल्या घरांत फादर थॉमस स्टीफन्स व त्यांचें 'ख्रिस्तपुराण' एवढेंच निघतें. आणि १६१६ सालीं छापलेल्या त्या महाकाव्याचा अभिमान आपण बाळगावा हें योग्यच आहे. परंतु त्यानंतर सुमारें अडीचशें वर्षांनीं मराठी भाषेंत पहिली कादंबरी अवतरली, तीही एका ख्रिस्ती माणसाच्याच लेखणींतून, ही गोष्ट आपल्यांपैकीं फारच थोड्यांस ठाऊक असते. आम्ही सेमिनरींत शिकत असतां तत्त्वज्ञानाचे जाडजूड ग्रंथ भिंतभर होते. मराठीच्या वांट्यास एक कपाट आलें होतें, व त्यांत बाबांचें एकही पुस्तक नव्हतें.

बाबा पदमनजी मुळे यांचा जन्म १८३१ सालीं बेळगांव येथें कासार कुटुंबांत झाला. लहानपणीं ते मोठे देवभोळे होते. उपासतापास व पूजाअर्चा यांत त्यांचें मन कसें रमत असे, हें त्यांनींच 'अरुणोदय' या आपल्या आत्मचरित्रांत सांगितलें आहे. बेळगांवच्या मिशन शाळेंत आणि पुढें मुंबईस फ्री चर्चच्या विद्यालयांत त्यांचें शिक्षण झालें. मुंबईंत ते परमहंस सभेंत जाऊं लागले. जातिभेद मोडावा हा त्या सभेचा हेतु, परंतु सारें गुप्तपणें चाले. ख्रिस्ती माणसाच्या हातचा पाव खाणें ही तेथें जात सोडल्याची खूण मानीत. (तो पाव बहुधा आमच्याच एखाद्या स्वधर्मीयाच्या भट्टींत भाजला जात असावा, इतिहासानें त्याचें नांव राखिलें नाहीं!) पुष्कळ सभासद रात्रीं पाव खात व दिवसा जातींत वावरत. बाबांस तें दुटप्पी वर्तन पुढें सोसवेना. १८५४ च्या सप्टेंबरांत, तेविसाव्या वर्षीं, त्यांनीं बेळगांवीं उघडपणें बाप्तिस्मा घेतला. त्या काळीं याचा अर्थ आप्तेष्टांस व जातीस मुकणें असा होता.

१८५६ सालीं विधवाविवाहाचा कायदा झाला आणि दुसऱ्याच वर्षीं, १८५७ सालीं, बाबांचें 'यमुनापर्यटन' मुंबईंत प्रसिद्ध झालें. मिशन शाळेंत शिकलेली यमुना आपल्या पतीसह प्रवासास निघते, आणि वाटेंत तिला एकामागून एक विधवा भेटत जातात. त्यांचें केशवपन, त्यांची उपासमार, घरोघर होणारी त्यांची मानहानि हीं सर्व बाबांनीं उघडीं करून दाखविलीं. पुढें यमुनेवरही वैधव्याचा घाला पडतो. शेवटीं ती ख्रिस्ती होते व पुनर्विवाह करिते. कित्येक टीकाकार या ग्रंथास कादंबरी म्हणण्यास कचरतात, आणि त्यांचें म्हणणें अगदींच खोटें नाहीं. पात्रें मध्येंच प्रवचन करूं लागतात. उत्तरार्धांत धर्मप्रचार कथेवर मात करितो. आम्ही स्वतः प्रवचनें करणारे असल्यामुळें हा दोष आम्हांस अंमळ लवकर दिसतो! परंतु त्या काळच्या पुष्कळ कथा राजपुत्र व अद्भुत योगायोग यांत रंगून जात. 'मुक्तामाला' निघाली ती १८६१ सालीं, म्हणजे 'यमुनापर्यटना'नंतर. शेजारच्या घरांतील मुंडण केलेल्या मुलीकडे पाहून कादंबरी लिहावी असें बाबांसच प्रथम सुचलें. तिसेक वर्षांनीं हरि नारायण आपट्यांनीं 'पण लक्षांत कोण घेतो?' लिहून तोच विषय फार वरच्या कलेनें हाताळला.

बाबा कांहीं काळ पुण्यास पाळकही होते. परंतु त्यांचा पिंड लेखकाचा व संपादकाचा. 'सत्यदीपिका' हें मासिक त्यांनीं चालविलें, व १८४२ सालीं अहमदनगरास सुरू झालेल्या 'ज्ञानोदया'चेंही संपादन केलें. भाषेवर त्यांचें किती प्रेम होतें हें १८६३ च्या त्यांच्या कोशावरून दिसतें. मोल्सवर्थसाहेबांचा अवाढव्य मराठी-इंग्रजी कोश विद्यार्थ्यांच्या हातीं पेलेना, म्हणून बाबांनीं त्याचा संक्षेप केला. लहानमोठीं मिळून त्यांचीं पुस्तकें शंभरांच्या घरांत जातात. १९०६ सालीं ते निवर्तले. पुढच्याच वर्षीं मंगळूरास 'ख्रिस्तपुराण' पुन्हां छापलें गेलें, परंतु रोमन लिपींत. देवनागरींत तें येण्यास १९५६ साल उजाडावें लागलें.

दुसऱ्या व्हॅटिकन महासभेनें १९६४ सालीं ख्रिस्ती ऐक्याविषयींचें फर्मान काढलें, व विभक्त बंधूंमध्यें जें खरोखर ख्रिस्ती आहे तें आनंदानें मान्य करण्यास आपणांस सांगितलें. त्यास अनुसरून गेल्या उपवासकाळांत आम्हीं धर्मग्रामांतील स्त्रियांच्या मंडळांत 'यमुनापर्यटन' वाचावयास घेतलें. जुनी भाषा प्रथम जड गेली, परंतु विधवांच्या कहाण्या सुरू झाल्यावर कोणी उठलें नाहीं. एक वृद्ध भगिनी, स्वतः वयाच्या विसाव्या वर्षीं विधवा झालेली, सर्व वेळ गप्प होती. पुस्तक संपल्यावर ती म्हणाली, "फादर, यमुनेचें बरें झालें, पण वाटेंत भेटलेल्या त्या बाकीच्या बायांचें पुढें काय झालें?" आम्हांस लगेच उत्तर सुचलें नाहीं.