भिंतींवरची मुंबई



इतिहासाच्या विषयावर बोलायला उभ्या राहिलेल्या माणसाने सायकलचे नाव काढले, तर आपणांपैकी काहींना ते पोरकट वाटेल. इतिहासाची साधने म्हटली की दप्तरे, ताम्रपट, शिलालेख, फार तर जुनी नाणी. पण मुंबईच्या गेल्या शंभर वर्षांच्या इतिहासातला बराच भाग रस्त्याकडे तोंड करून उभ्या असलेल्या भिंतींवर आहे, आणि त्या वाचण्याला सायकलीइतके सोयीचे वाहन मला तरी सापडलेले नाही. लोकलच्या खिडकीतून मुंबईची पाठ दिसते. मोटारीतून पुढच्या मोटारीचा क्रमांक दिसतो. पायी चालणाऱ्याला सगळे दिसते खरे, पण कुलाब्याहून निघालेला माझ्या वयाचा माणूस दादर येईपर्यंत काही बघण्याच्या मनःस्थितीत राहत नाही. सायकलस्वार मात्र बसल्या जागेवरून पहिल्या मजल्याच्या सज्जाकडे मान वर करून पाहू शकतो, आणि हवे तेथे एक पाय टेकून थांबू शकतो. पोलीसही त्याला फारसे बोलत नाहीत.

तेव्हा रविवारी पहाटे माझ्याबरोबर ससून डॉकवरून निघा. ही गोदी १८७५ सालची, आल्बर्ट ससून यांनी बांधलेली. पहाटे तेथे मासळीचा लिलाव चालतो आणि सायकल हातात धरून चालण्याइतकीही वाट मिळत नाही. या गोदीकडे मी पुन्हा येणार आहे. तूर्त येथून निघून कुलाब्याच्या रस्त्याने रीगल सिनेमापर्यंत जाऊ.

रीगल १९३३ साली उघडला. त्याचा वास्तुकार चार्ल्स स्टीव्हन्स. याचे वडील फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स म्हणजे बोरीबंदरचे स्थानक बांधणारे. बापाने दगडात पाने, फुले, मोर, माकडे कोरवून घेतली. मुलाने सरळ रेषा, सपाट भिंत आणि काँक्रीट पत्करले. एका घरातल्या दोन पिढ्यांत वास्तुकलेने एवढी मोठी उडी घेतल्याचे दुसरे उदाहरण या शहरात मला ठाऊक नाही. या नव्या पद्धतीला आज आपण ‘आर्ट डेको’ म्हणतो. १९२५ साली पॅरिसला भरलेल्या प्रदर्शनावरून हे नाव आले, पण ते रूढ झाले १९६८ च्या सुमारास. इमारती बांधल्या जात होत्या तेव्हा त्यांना कोणी तसे म्हणत नव्हते. ‘मॉडर्न’ एवढाच शब्द पुरेसा होता.

रीगलपासून महात्मा गांधी रस्त्याने फोर्टात शिरले की हुतात्मा चौकाजवळ न्यू इंडिया विमा कंपनीची इमारत लागते. येथे मी सायकल स्टँडवर लावतो. इमारत १९३६ ची. मास्टर, साठे आणि भुता या भागीदारांची. तिच्या दर्शनी भिंतीवरची शिल्पे नारायण गणेश पानसरे यांची. शेतात राबणारा शेतकरी, सूत कातणारी स्त्री, चाकावर बसलेला कुंभार अशी ही माणसे भिंतीला चिकटून, भिंतीइतकीच भारदस्त अशी रस्त्याकडे पाहत आहेत. फोर्टात रोज हजारो माणसे त्यांच्या खालून जातात. त्यांतली किती वर पाहतात ते मी मोजलेले नाही, पण कोणी पाहताना मला क्वचितच दिसले.

कोणी म्हणेल, शेतकरी मुंबईच्या भिंतीवर पहिल्यांदाच आला असे थोडेच आहे! बरोबर आहे. क्रॉफर्ड मार्केटच्या, म्हणजे आजच्या महात्मा फुले मंडईच्या दारावर जॉन लॉकवुड किपलिंग यांनी शेतीची कामे करणारी माणसे कोरली, ती १८६९ च्या सुमारास. पण त्या वेळी शिल्पकार इंग्रज, वास्तुकार इंग्रज, आणि बांधवून घेणारे सरकारही इंग्रजांचे. त्यांनी पाहिलेला शेतकरी हा एक नमुना होता, हिंदुस्थानातल्या नाना जातींच्या लोकांपैकी एक. १९३६ साली मात्र बांधवून घेणारी कंपनी दोराबजी टाटांनी १९१९ मध्ये स्थापन केलेली, वास्तुकार येथले, शिल्पकार येथला. आता शेतकऱ्याच्या आणि कातणारीच्या अंगावर देशाचा अर्थ चढला. चरख्याचे दिवस होते, आणि फोर्टातल्या विमा कंपनीलाही आपल्या दाराशी सूत कातणारी स्त्री असावीशी वाटली.

माझ्या मनात येथे एक कडू विचारही येतो. या भिंतीवरच्या शेतकऱ्याचा विमा कोणी उतरवला होता? त्या कुंभाराला विम्याचा हप्ता परवडला असता काय? ज्यांच्या श्रमाची प्रतिमा दारावर आहे ते त्या दारातून गिऱ्हाईक म्हणून आत जाऊ शकत नव्हते. यात पानसऱ्यांचा दोष नाही, त्यांनी त्या माणसांना पूर्ण मान दिलेला आहे. पण भिंतीवर चढणे आणि घरात शिरणे या दोन गोष्टींतले अंतर इतिहास लिहिणाऱ्याने मोजले पाहिजे.

हे अंतर पुढे थोडे कमी झाले, आणि म्हणून मी आपणांस ससून डॉकवर परत नेतो. २०१७ साली तेथे रस्त्यावरच्या कलेचा एक मोठा महोत्सव भरला. त्यात जे. आर. या नावाने ओळखल्या जाणाऱ्या फ्रेंच कलावंताच्या ‘इनसाइड आउट’ योजनेतून गोदीवरच्या कोळी स्त्रीपुरुषांची भलीमोठी छायाचित्रे तेथल्याच भिंतींवर चिकटवली गेली. कागदच तो, मुंबईच्या पावसापुढे किती टिकणार! पण तो चेहरा एका ठराविक माणसाचा होता, आणि तो माणूस त्या भिंतीखाली कामाला होता. शेजारी ओळखू शकत होते. पानसऱ्यांच्या दगडाला हे जमले नव्हते. दगड मात्र टिकला.

असो. आता वीर नरीमन रस्त्याने पश्चिमेला वळू. या नावामागे मोठी गंमत आहे. गव्हर्नर लॉईड यांच्या काळात बॅकबेचा समुद्र हटवून ११४५ एकर जमीन काढण्याची योजना निघाली. खर्च फुगला, काम रखडले, आणि शेवटी जेमतेम ४४० एकर हाती लागले. त्या घोटाळ्यावर खुर्शेद फ्रामजी नरीमन यांनी तोफ डागली. हार्वे नावाच्या अधिकाऱ्याने त्यांच्यावर बेअब्रूचा खटला भरला, त्यातून ते निर्दोष सुटले. पुढे समुद्र हटवूनच काढलेल्या एका टोकाला लोकांनी त्यांचेच नाव दिले! भरावाला विरोध करणाऱ्याचे नाव भरावाला. असा सूड मुंबईच घेऊ जाणे.

पण त्या अर्धवट योजनेतूनच ओव्हलच्या पश्चिमेची आणि मरीन ड्राइव्हची जमीन निघाली, आणि तीवर १९३० नंतरच्या दहा-पंधरा वर्षांत नवी मुंबई उभी राहिली. ओव्हल मैदानाच्या मध्यावर सायकल उभी करून पाहा. पूर्वेला राजाबाई टॉवर, विद्यापीठ, उच्च न्यायालय : सरकारने प्रजेला दाखवण्यासाठी बांधलेली टोकदार दगडी भव्यता. पश्चिमेला एका ओळीत राहती घरे, मऊ रंगांची, कोपऱ्यांना गोलाई दिलेली, उन्हाला अडवणारे पातळ छज्जे प्रत्येक खिडकीवर ओढलेले. ही घरे प्रजेने स्वतःसाठी बांधली. व्यापारी, वकील, डॉक्टर यांनी पैसा घातला. १९३६ साली अनेक सिमेंट कारखाने एकत्र येऊन मोठी कंपनी झाली, काँक्रीट हाताशी आले. क्लॉड बॅटलींच्या हाताखाली जे. जे. च्या वास्तुशाळेतून येथलेच तरुण वास्तुकार बाहेर पडत होते. त्यांत गजानन म्हात्रे यांचे नाव आदराने घेतले पाहिजे. ओव्हलसमोरचे ‘एम्प्रेस कोर्ट’ त्यांचे, मरीन ड्राइव्हच्या वळणावरचा ‘सूना महाल’ त्यांचा. लोखंडी जाळीत उगवता सूर्य, जिन्यात मोझेकची नक्षी, जहाजावर असते तशी एखादी गोल खिडकी, आणि घराचे नाव वळणदार सिमेंटच्या अक्षरांत. घरात स्वतंत्र मोरी, स्वतंत्र संडास. आपल्या आजीपणजींच्या पिढीत ‘ब्लॉकमध्ये राहायला गेले’ हे शब्द किती अप्रूपाने उच्चारले जात, ते आठवणारे येथे कोणी असतील. चाळीतल्या नळावरच्या भांडणातून सुटलेल्या माणसाला मॉडर्न या शब्दाचा अर्थ कोणी शिकवावा लागत नव्हता.

ओव्हलच्या टोकाशी, चर्चगेट स्थानकासमोर, सोहराबजी भेदवार यांचे इरॉस १९३८ साली उघडले. मध्ये कित्येक वर्षे बंद राहून २०२४ मध्ये पुन्हा सुरू झाले. स्थानकाच्या इमारतीवर गांधीजींचे उंच चित्र रंगवले ते ब्राझीलच्या एदुआर्दो कोब्रा याने. दगडी गॉथिक, सिमेंटचे आर्ट डेको आणि रंगातले गांधीजी हे येथे दोन मिनिटांच्या अंतरात होते. ओव्हल आणि मरीन ड्राइव्हच्या या समूहाला युनेस्कोने २०१८ साली जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली. फार चांगले झाले. मरीन ड्राइव्हवर तर मी काही बोलतच नाही. तेथे पहाटेचा वारा समोरून असतो आणि व्याख्यात्यालाही गप्प बसवतो.

चौपाटीवरून पुढे दादरकडे जाताना मात्र एका जुन्या धंद्याची आठवण ठेवावी लागते. सिनेमाची थिएटरे बांधली म्हणजे त्यांच्यापुढे पाट्या आल्या, आणि पाट्यांपाशी रंगारी आले. या शहराची रस्त्यावरची कला खरी तेथून सुरू होते. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी आपल्या चित्रपटांची जाहिरात स्वतः रंगवली; मुंबईत १९३० नंतरच्या काळात मकबूल फिदा हुसेन परातीवर चढून सिनेमाच्या पाट्या रंगवीत. हुसेनांचे नाव झाले म्हणून ते आपल्याला ठाऊक आहे. बाकीच्यांची नावे पाटीबरोबर पुसली गेली, कारण दर नव्या चित्रपटाला जुन्या चेहऱ्यावर पांढरा हात फिरवला जाई. पुढे छापील फ्लेक्स आला आणि धंदा बसला. २०१२ पासून रणजित दहिया या चित्रकाराने वांद्र्याच्या भिंतींवर त्याच पाट्यांच्या रंगढंगात जुन्या चित्रपटांची चित्रे काढायला घेतली. चॅपल रोडवर त्याने ‘अनारकली’ रंगवली. हातावर पोट असलेल्या त्या रंगाऱ्यांना एवढी सलामी कोणा अकादमीने दिल्याचे मला आठवत नाही.

दादरला शिवाजी पार्काभोवती सायकलचा एक फेरा घालायचा, आणि माझी खरी तक्रार येथे आहे. १८९६ च्या प्लेगानंतर १८९८ मध्ये इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट निघाला, त्याने दादर-माटुंग्याची आखणी केली. हे मैदान १९२५ साली खुले झाले, लवकरच त्याला शिवरायांचे नाव मिळाले, आणि भोवती मराठी मध्यमवर्गाने ओव्हलसारखीच, फक्त जरा बेताच्या खर्चाची घरे बांधली. तोच छज्जा, तीच गोलाई, तोच जाळीतला सूर्य. युनेस्कोची रेघ मात्र फोर्टापाशी थांबते. १९४७ च्या भाडेनियंत्रण कायद्याने भाडी १९४० च्या पातळीवर गोठली, त्यामुळे मालकाने दुरुस्ती सोडली. आणि त्याच कारणाने ती पाडण्याचीही कोणाला घाई नव्हती. मग वाढीव चटईक्षेत्राचे आमिष आले. आता भाडेकरू आणि मालक यांचे दोघांचेही हित इमारत पाडण्यात आहे. पन्नास वर्षे गळके छत सोसलेल्या बाईंना मी वास्तुकलेचे महत्त्व कोणत्या तोंडाने सांगू? त्यांना लिफ्ट हवी, कोरडी भिंत हवी, आणि ते त्यांचे मागणे रास्त आहे. पण पाडण्यापूर्वी मोजमापे घेणे, छायाचित्रे काढणे, जिन्याची जाळी नव्या इमारतीत बसवणे, एवढेही करू नये? एकदा तेथल्याच एका गल्लीत भंगाराच्या हातगाडीवर मला उगवत्या सूर्याची जाळी दिसली. किंमत विचारली. त्याने तराजू काढला. सायकलवर ती नेता येण्यासारखी नव्हती.

माहीमच्या खाडीवरून वांद्र्याला पोहोचेपर्यंत ऊन चढते. वरळीच्या सागरी पुलावर सायकलीला बंदी आहे, तेव्हा मी खालच्या बाजूनेच रिक्लेमेशनवर येतो. येथल्या टेलिफोन खात्याच्या उंच इमारतीवर २०१४ साली दहिया आणि त्याच्या सहकाऱ्यांनी दादासाहेब फाळक्यांना रंगवले. फाळके जे. जे. चे विद्यार्थी, ‘राजा हरिश्चंद्र’ त्यांनी दादरच्या एका बंगल्यात केला आणि १९१३ साली लोकांपुढे आणला. तो बंगला शोधायला गेलात तर सापडायचा नाही. ज्या घरात आपला चित्रपट जन्मला ते घर गेले, आणि त्याच्या जनकाचा चेहरा काही मैल उत्तरेला, त्यांच्याशी काहीएक संबंध नसलेल्या इमारतीच्या भिंतीवर चढला. मी पहिल्यांदा ते चित्र पाहिले तेव्हा शेजारी एक टॅक्सीवाला उभा होता. त्याने मला विचारले, “काका, हे कोण?” मी सांगितले. तो म्हणाला, “दादरचे ना? आम्हीपण दादरचे.” आणि खिडकीतून मान बाहेर काढून त्याने पुन्हा एकदा वर पाहिले.