एका मुष्टियुद्धाच्या खेळाची कुळकथा



वसंत व्याख्यानमालेच्या चालकांनी मला निमंत्रण दिले तेव्हा त्यांची अपेक्षा बहुधा अशी असावी की, मी बोनसचा कायदा, कंत्राटी पद्धत किंवा गिरण्यांच्या जमिनी यांपैकी एखाद्या विषयावर बोलेन. या विषयांवर बोलून तीस वर्षे मी घसा बसवून घेतला आहे. आज मात्र एका खेळण्याची हकीकत सांगणार आहे. ‘पंच-आउट’ हे त्या खेळण्याचे नाव. दूरचित्रवाणीसारख्या पडद्यावर खेळायचा, मुष्टियुद्धाचा हा खेळ जपानमधील क्योतो शहरच्या निन्टेंडो कंपनीने १९८४ साली बाजारात आणला. त्याच्या पुढच्या आवृत्त्या पंचवीस वर्षे निघत राहिल्या. या विषयात शिरण्याचे कारण एवढेच की, माल कोणी केला आणि नाव कोणाचे लागले, हा प्रश्न विचारण्याची आम्हा युनियनच्या माणसांना खोडच लागलेली असते. आणि या खेळाच्या इतिहासात तो प्रश्न पावलोपावली आडवा येतो.

निन्टेंडो ही कंपनी मुळात पत्ते तयार करणारी. फुसाजिरो यामाउची नावाच्या कारागिराने १८८९ साली हानाफुदा नावाचे जपानी फुलांचे पत्ते करण्याचा धंदा सुरू केला. पत्त्यांवरून खेळण्यांकडे आणि खेळण्यांवरून नाणे टाकून खेळायच्या यंत्रांकडे ही कंपनी वळली. १९८० च्या सुमारास तिने ‘रेडार स्कोप’ नावाची ३००० यंत्रे अमेरिकेत पाठवली. त्यांतली जेमतेम १००० खपली, बाकीची २००० गोदामात पडून राहिली. अमेरिकेतल्या शाखेचा प्रमुख होता मिनोरू अराकावा, म्हणजे मालकाचा जावई. त्याने सासऱ्याकडे मागणी केली की, याच पेट्यांत बसेल असा नवा खेळ पाठवा. ते काम शिगेरू मियामोतो या तरुण चित्रकाराकडे आले आणि त्यातून १९८१ चा ‘डाँकी काँग’ जन्मला. जुन्या पेट्यांतले सर्किट बदलण्याचे काम अराकावा, त्याची बायको आणि मोजकी चार माणसे यांनी गोदामात बसून हातांनी केले. गरज पडली म्हणजे मालकाच्या लेकीलाही स्क्रूड्रायव्हर धरता येतो, ही नोंद मी आवर्जून करून ठेवली आहे!

कंत्राटी पद्धत सोडतो असे मी म्हटले खरे, पण ती मला सोडत नाही. डाँकी काँगची कल्पना आणि चित्रे मियामोतोची. परंतु त्या यंत्राची आज्ञावली, म्हणजे प्रोग्रॅम, लिहिला तो इकेगामी त्सुशिन्की या दुसऱ्या कंपनीच्या माणसांनी, कंत्राटावर. खेळाच्या दुसऱ्या भागासाठी आपली आज्ञावली आपल्याला न विचारता वापरली, असे म्हणून इकेगामीने १९८३ साली दावा लावला. तो वर्षानुवर्षे चालला आणि शेवटी कोर्टाबाहेर मिटला. जगभर मुलांना मियामोतोचे नाव पाठ आहे. त्या आज्ञावलीच्या ओळी लिहिणाऱ्यांचे एक तरी नाव या सभागृहात कोणाला सांगता येईल काय?

असो. डाँकी काँग तुफान चालला आणि त्या भरभराटीच्या पोटी निन्टेंडोकडे दुसरी शिल्लक साचली. ही शिल्लक होती पडद्यांची, म्हणजे मॉनिटरांची. इतके मॉनिटर करायचे काय? गेन्यो ताकेदा या इंजिनियराला सांगण्यात आले की, एका पेटीत दोन मॉनिटर लागतील असा खेळ तयार कर. पंच-आउटचे मूळ हे असे आहे. ताकेदा मूळचा ओसाकाचा. त्याने अर्धवाहकांचा अभ्यास केला आणि वर्तमानपत्रातली जाहिरात पाहून १९७२ साली तो या कंपनीत नोकरीला लागला. त्याच्या हाताशी असे सर्किट होते की, एखादे चित्र झटक्यात मोठे किंवा लहान करता येई. मात्र एका वेळी एकच चित्र. मोटारींच्या शर्यतीला अनेक मोटारी लागतात. मुष्टियुद्धाला समोर एकच माणूस पुरतो. म्हणून मुष्टियुद्ध! खालच्या पडद्यावर लढत, वरच्यावर दोघांची नावे, चित्रे आणि गुण. प्रतिस्पर्ध्यांची चित्रे मियामोतोनेच काढली.

आता अडचण अशी की, प्रतिस्पर्धी एवढा मोठा आणि खेळणाराचा मल्ल त्याच्यापुढे पाठमोरा उभा. मग समोरचे दिसणार कसे? तेव्हा आपला मल्ल भरीव न काढता हिरव्या तारांच्या सांगाड्यासारखा पोकळ काढला, म्हणजे त्याच्या छातीतून आरपार पाहता यावे. समोर एक दांडी, दोन हातांसाठी दोन बटणे आणि शेवटच्या जबर ठोशासाठी एक थोराड बटण. पेटी आपल्या आवाजात ठोशांची नावेही पुकारीत असे. पुढे याच दोन पडद्यांच्या रचनेवर ‘सुपर पंच-आउट’ निघाला आणि १९८५ साली पंजा लढवण्याचा एक खेळही अमेरिकेत काढला. तो विशेष नावाजला गेला नाही.

खरा प्रसार झाला तो १९८७ साली, खेळ घरच्या यंत्रावर उतरला तेव्हा. घरचे यंत्र गरीब. त्याला एका वेळी चित्रांचे मोजकेच तुकडे हाताळता येत. एवढा धिप्पाड मल्ल, त्याचे डोळे मिचकावणे, जबडा हलवणे, हे त्यात मावणार कसे? यासाठी कॅसेटमध्ये एक खास चिप बसवली. पडदा रेखाटता रेखाटता एक ठरावीक तुकडा उमटला की, ती चिप चित्रांचा पुढचा संच आपोआप जोडून देई. आमच्या वडिलांच्या गिरणीत जॅकार्डचे माग होते. भोके पाडलेला एक पत्ता सरकून दुसरा आला की ताण्याचे वेगळे दोरे उचलले जात आणि विणता विणताच नक्षी बदले. मला ही चिप त्या पत्त्यांची नात वाटते. ती या एकाच खेळासाठी वापरली गेली, दुसऱ्या कोणत्याही नाही. तारांचा सांगाडा मात्र या यंत्राला झेपेना. म्हणून आपला मल्ल भरीवच ठेवला, पण प्रतिस्पर्ध्याच्या कमरेइतका बुटका केला. ‘लिटल मॅक’ हे त्याचे नाव. वय १७, वजन १०७ पौंड, राहणार न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात. लहानखुऱ्याने थोराडांना पाडावे, या ज्या गोष्टीसाठी हा खेळ लोकांना आवडला, ती अशी यंत्राच्या गरिबीतून निपजली आहे.

१९८७ साली मीही १७ वर्षांचा होतो. १९८२ च्या संपानंतर आमच्या घरी मिळकतीचे नाव नव्हते. चाळीत एक खलाशी राहत. त्यांनी अमेरिकेच्या बंदरातून हे यंत्र आणले होते. दुबईचा टीव्ही आणि विजेचा दाब उतरवणारा ट्रान्सफॉर्मर यांसह ते चालू करण्याचा सोहळा रविवारी होई आणि दाराशी आम्हा पोरांची रांग लागे. तिथे मी एक गोष्ट शिकलो. या खेळात बटणे बडवून कोणी जिंकत नाही. प्रत्येक प्रतिस्पर्धी ठोसा मारण्याआधी काही तरी खूण देतो. टोकियोच्या पिस्टन होंडाच्या भिवया उडतात. किंग हिप्पो तोंड उघडतो, आणि त्यात ठोसा बसला की त्याला आपली घसरलेली चड्डी सावरावी लागते. तेवढ्यात पोटावर हाणायचे. इस्तंबूलचा बॉल्ड बुल उड्या मारीत अंगावर येतो, त्याला नेमक्या क्षणी पोटात एकच ठोसा पुरतो. क्षण चुकला की आपण आडवे. पुढे मी व्यवस्थापनासमोर वाटाघाटींना बसू लागलो तेव्हा समोरच्या साहेबाच्या भिवया पाहण्याची सवय उपयोगी पडली, हे कबूल करतो.

घरच्या खेळाचे पहिले रूप जपानमध्ये बक्षीस म्हणून निघाले. गोल्फच्या एका खेळाच्या स्पर्धेत जिंकणारांना सोनेरी रंगाच्या १०,००० कॅसेटी वाटल्या. त्यात शेवटचा प्रतिस्पर्धी होता सुपर माचो मॅन. परंतु अराकावाने अमेरिकेत माइक टायसनची लढत पाहिली आणि तो थक्क झाला. टायसनने नोव्हेंबर १९८६ मध्ये, विसाव्या वर्षी, ट्रेव्हर बर्बिकला हरवून जगज्जेतेपद मिळवले. निन्टेंडोने तीन वर्षांसाठी त्याचे नाव आणि चेहरा घेतला. किंमत ५०,००० डॉलर. खेळाचे नावच ‘माइक टायसन्स पंच-आउट’ झाले. पडद्यावरचा टायसन भयंकर होता. पहिल्या दीड मिनिटात त्याचा एक ठोसा लागला की मॅक जमिनीवर. ००७-३७३-५९६३ हा आकडा भरला की थेट त्याच्यासमोर उभे राहता येई. आमच्या चाळीत तो खडूने भिंतीवर लिहिलेला होता.

पुढे टायसनवर खटला झाला म्हणून त्याला खेळातून काढले, असे पुष्कळ लोक सांगतात. ते बरोबर नाही. करार तीन वर्षांचा होता. फेब्रुवारी १९९० मध्ये टोकियोत बस्टर डग्लसने टायसनला हरवले. त्याच वर्षी टायसनशिवायची आवृत्ती बाजारात आली. त्याला अटक झाली ती १९९१ मध्ये आणि शिक्षा १९९२ मध्ये. नव्या आवृत्तीत त्याच्या जागी ‘मिस्टर ड्रीम’ आला. गंमत अशी की बदलले फक्त डोके आणि कातडीचा रंग. हात तेच, पाय तेच, ठोसे तेच, डोळा मिचकावण्याची वेळही तीच. पाटी उतरली, काम जिथल्या तिथे राहिले.

आता आपल्या मुंबईविषयी. होय, मुंबई या खेळात आहे. ‘ग्रेट टायगर’ हा मल्ल आधी नाण्याच्या ‘सुपर पंच-आउट’मध्ये आला आणि १९८७ च्या कॅसेटमध्ये त्याच्या नावापुढे मुक्काम मुंबई असे लिहिले गेले. डोक्याला फेटा, फेट्यात रत्न. ठोसा येण्याआधी ते लखलखते. तो जादूने अदृश्य होतो, रिंगणात इकडून तिकडे फिरून मारतो, आणि पाच ठोसे अडवले की स्वतःच चक्कर येऊन भेलकांडतो. मी लालबाग-परळच्या तालमी पाहिल्या आहेत. फेट्यात रत्न लावून अंतर्धान पावणारा इसम तिथे कधी आढळला नाही. खरे भारतीय मुष्टियोद्धे तेव्हाही होतेच. हवासिंगांनी १९६६ आणि १९७० च्या आशियाई स्पर्धांत सुवर्णपदके मिळवली, आणि पंजाबच्या शेतकरी घरातले कौरसिंग १९८२ च्या दिल्लीच्या स्पर्धांत हेवीवेट विजेते झाले. चित्र काढणाराला ते दिसले नाहीत. त्याला जादूगार दिसला.

यावर कोणी म्हणेल की, चेष्टा सर्वांचीच केली आहे. पॅरिसच्या ग्लास ज्योच्या नावावर १ विजय आणि ९९ पराभव आहेत. रशियन मल्लाचे मूळ नाव दारूवरून होते. अमेरिकेत घरच्या खेळात दारू नको म्हणून ते सोड्यावरून ठेवले. हे खरे आहे. परंतु फ्रान्सची शेकडो चित्रे ज्या मुलाने पाहिली आहेत, त्याच्या मनात एका ग्लास ज्योने फरक पडत नाही. ज्याने मुंबईचे एवढे एकच चित्र पाहिले, त्याची गोष्ट निराळी. टायसनच्या नावाला ५०,००० डॉलर मिळाले; मुंबईचे नाव लावताना मुंबईला कोणी विचारलेही नाही. तरीही खरे सांगतो, रविवारी ग्रेट टायगर पडद्यावर आला की चाळीतली सगळी पोरे आपला माणूस आला म्हणून टाळ्या वाजवीत, आणि तो हरला की हळहळत. मीही त्यांत होतो.

नावांचा दुसरा पदर आहे तो कारागिरांचा. त्या काळात जपानी कंपन्या खेळाच्या शेवटी कामगारांची नावे घालीत नसत, किंवा घातली तर टोपणनावे घालीत. दुसरी कंपनी आपली माणसे पळवील ही भीती. मी ज्या कारखान्यात प्रथम लागलो तिथे एका फिटरने ड्रिलिंगचा नवा जिग तयार केला. काम तिपटीने वाढले, आणि बक्षिसाच्या पाटीवर नाव चढले ते सुपरवायझरचे. त्या फिटरने तक्रार लिहायला मला बसवले. माझ्या हातचा तो पहिला अर्ज. तो फेटाळला गेला.

१९९४ साली नव्या, सोळा बिटांच्या यंत्रासाठी ‘सुपर पंच-आउट’ पुन्हा निघाला. आता यंत्र श्रीमंत झाले होते, म्हणून आपला मल्ल पुन्हा मोठा आणि पारदर्शक झाला. त्यानंतर पंधरा वर्षे शांतता. २००९ साली कॅनडातल्या व्हँकुव्हरच्या नेक्स्ट लेव्हल गेम्स या संस्थेने ‘वी’ यंत्रासाठी नवा पंच-आउट तयार केला. त्यात ग्रेट टायगर परत आला. मधल्या काळात, १९९५ साली, आपल्या शहराचे इंग्रजी नाव बदललेले असल्यामुळे त्याचा पत्ताही ‘बॉम्बे’चा ‘मुंबई’ झाला. प्रत्येक मल्ल आपापली भाषा बोलतो, आणि हा हिंदी बोलतो. मुंबईचा माणूस मराठी का बोलत नाही, या वादात मी आज पडत नाही. त्यासाठी स्वतंत्र व्याख्यानमाला लागेल.

ऑगस्ट २०२२ मध्ये मात्र एक मौज झाली. १९९४ च्या कॅसेटमध्ये एक गुपित सापडले. सुरुवातीच्या पडद्यावर काही बटणे दाबून धरली की दुसऱ्या माणसाला समोरच्या मल्लाचा ताबा घेता येतो, आणि दोघे जण परस्परांशी लढू शकतात. कोणी तरी कारागिराने ही सोय करून ठेवली होती. ती ना वेष्टनावर छापली होती, ना माहितीपुस्तकात. अठ्ठावीस वर्षे लाखो लोक एकटेच खेळत राहिले. समोरच्याची खुर्ची मोकळी होती, आणि तिथे बसता येते हे कोणाला ठाऊक नव्हते.