पुसणं लांबवणारे सर्व्हर
१९८२ साली पीटर नॉर्टन यांच्या 'अनइरेज'ने पुसलेली फाइल परत आणून दाखवली. डॉस ही संगणकप्रणाली पुसलेल्या फाइलच्या नावाचं पहिलं अक्षर खोडून तिची जागा मोकळी धरी. मजकूर डिस्कवर तसाच राही. सर्व्हरवर मात्र अनेकजण सतत लिहीत असल्याने ती जागा लगेच भरे. म्हणून तिथली खरी प्रगती दुरुस्तीत नव्हे, तर पुसणंच लांबवण्यात झाली, असं माझं मत आहे. नॉव्हेलची सर्व्हरप्रणाली नेटवेअर ३ पुसलेल्या फाइली जागा संपेपर्यंत राखून ठेवी. त्या परत आणणाऱ्या 'सॅल्व्हेज'मध्ये फाइल कोणी, कधी पुसली तेही दिसे. रात्रीच्या बॅकअपची टेप होतीच की, असं कोणी म्हणेल. पण टेपवर कालची खतावणी असे, आज सकाळच्या नोंदी नसत. पुसलेलंही मागे राहतं, हा गुप्ततेचा आक्षेप अधिक वजनदार. त्यासाठी नेटवेअरमध्ये फाइल कायमची पुसणारं 'पर्ज' होतं. याउलट विंडोज सर्व्हर २००३च्या शॅडो कॉपी, म्हणजे फाइलींच्या त्या-त्या क्षणीच्या प्रती, ठरावीक वेळीच निघत. दोन कॉपींच्या मधे जन्मून पुसलेली फाइल त्यांत सापडत नसे.