ॲनिमेशनपटाचे छायालेखक : अत्सुशी ओकुइ

हाताने रेखाटलेल्या चित्रपटाला छायालेखक कशाला लागतो, असा प्रश्न प्रेक्षकाला पडणे स्वाभाविक आहे. परंतु चित्रे आपण होऊन पडद्यावर जात नाहीत. पारदर्शक सेलवर रंगवलेली पात्रे पार्श्वचित्रावर एकावर एक रचायची, वरून काच दाबून ती सपाट करायची आणि उंचावर बसवलेल्या कॅमेऱ्याने एक चौकट टिपायची, अशी ही पद्धत होती. एका सेकंदासाठी अशा २४ चौकटी लागत. जपानमध्ये हे काम करणाऱ्यांत अत्सुशी ओकुइ यांचे नाव आवर्जून घ्यावे लागते.

योशियुकी तोमिनो यांच्या 'चार्स काउंटरअटॅक' (१९८८) या गंडाम चित्रपटाचे छायालेखन ओकुइ यांनी केले. अंतराळयुद्धातील स्फोटांचे तेज नुसत्या रंगाने साधत नाही. त्यासाठी फिल्म मागे गुंडाळून, चित्राखालून प्रकाश सोडून तीच चौकट पुन्हा टिपावी लागे. यातली चूक फिल्म धुऊन आल्यावरच उघडकीस येई. तोवर तासन्तासांची मेहनत वाया गेलेली असे.

हायाओ मियाझाकी यांच्या 'पोर्को रोस्सो'चे (१९९२) छायालेखनही त्यांचेच. स्टुडिओ घिब्ली तोपर्यंत हे काम बाहेरून करून घेत असे. १९९३ मध्ये संस्थेने संगणकनियंत्रित दोन मोठे कॅमेरे घेऊन स्वतःचा छायालेखन विभाग उभारला आणि ओकुइ तेथे रुजू झाले. 'पॉम पोको' (१९९४), 'व्हिस्पर ऑफ द हार्ट' (१९९५) आणि सुमारे १ लाख ४४ हजार चित्रांचा 'प्रिन्सेस मोनोनोके' (१९९७) ही त्या विभागाची कामगिरी. 'मोनोनोके'चा काही भाग संगणकावर रंगवलेला असला, तरी बहुतांश चित्रपट कॅमेऱ्याखालूनच गेला होता.

अवघ्या दोन वर्षांनी, इसाओ ताकाहाता यांच्या 'माय नेबर्स द यामादाज' (१९९९) या चित्रपटात सेल आणि कॅमेरा दोन्ही बाद झाले. ज्या यंत्रावर हयात घालवायची, तेच नाहीसे झाले तर कारागिराने काय करावे? ओकुइ यांनी हुन्नर संगणकावर नेला. 'स्पिरिटेड अवे'मध्ये (२००१) त्यांचे श्रेय 'छायालेखन' नव्हे, तर 'प्रतिमा दिग्दर्शन' या अर्थाच्या शब्दांनी दिलेले आहे. काम मात्र जुनेच: थर जुळवणे, पाण्यावरची चकाकी, धुके, सावली. संगणकावरचे चित्र फाजील स्वच्छ दिसते. ते रंगवलेल्या कागदाजवळ आणणे हीच खरी कसोटी, आणि प्रस्तुत लेखकाच्या मते 'स्पिरिटेड अवे'मधील पाण्यातून धावणाऱ्या आगगाडीचे दृश्य त्या कसोटीला पुरेपूर उतरते.

पुढे 'हाउल्स मूव्हिंग कॅसल' (२००४), 'पोन्यो' (२००८), 'द विंड रायझेस' (२०१३) हे चित्रपट आले. २०२४ मध्ये ऑस्कर मिळवणाऱ्या 'द बॉय अँड द हेरन'चे (२०२३) प्रतिमा-संयोजनही त्यांच्याच हाती होते. घिब्लीच्या जुन्या चित्रपटांच्या ब्लू-रे आवृत्त्या निघाल्या, तेव्हा फिल्मवरचे रंग कसे दिसावेत याची देखरेख करण्याचे कामही ओकुइ यांच्याकडे आले.