एका क्रीडायंत्राचें पहिलें वर्ष

इतिहास लिहावयास बसलेल्या मनुष्याची दृष्टि राज्यें, लढाया, तह आणि सनदा यांकडे सहजच वळते. लोक फुरसतीच्या वेळीं काय खेळत होते, हा प्रश्न त्याला गौण वाटतो, आणि वाटला तरी त्यासाठीं साधनें हातीं लागत नाहींत. बाबरानें १५२७ सालीं सिंधच्या शहा हसनाला गंजिफा पाठविल्याचें आपल्या रोजनिशींत सहज टिपून ठेवलें. तेवढ्या एका नोंदीवर या देशांतील गंजिफ्याच्या इतिहासाचा केवढा भार आज उभा आहे! आपल्या डोळ्यांदेखत चाललेल्या खेळांविषयीं आपण अशी एखादी तरी नोंद करून ठेवीत आहों काय, हा विचार मनांत येऊन प्रस्तुत लेख लिहावयास घेतला आहे. विषय नवा आहे, आणि कित्येकांस तो पोरकटही वाटेल. परंतु घरोघरचीं मुलें ज्यांत तासचे तास रमतात तो विषय कुटुंबांतील वडील माणसांनीं पोरकट म्हणून सोडून द्यावा, हें शहाणपणाचें नव्हे.

विषय आहे जपानांतील निंटेंडो कंपनीनें ३ मार्च २०१७ रोजीं विक्रीस आणलेलें 'स्विच' नांवाचें क्रीडायंत्र, आणि त्या एका वर्षांत खास त्याच्यासाठीं निघालेले खेळ. ज्यांनीं हें यंत्र पाहिलें नसेल त्यांच्यासाठीं थोडें वर्णन करतों. सुमारें सव्वासहा इंच कर्णाची एक कांचेची पाटी, आणि तिच्या दोन्ही अंगांस बसविलेलीं व काढतां येणारीं दोन लहान दस्ते. ही पाटी घरांतील बैठकींत ठेवली कीं तिच्यावरील चित्र दूरचित्रवाणीच्या मोठ्या पडद्यावर उमटतें. उचलून हातीं घेतली कीं तोच खेळ, त्याच क्षणापासून पुढें, प्रवासांत चालूं राहतो. म्हणजे घरचें यंत्र आणि हातांतलें यंत्र असे जे दोन भेद पूर्वीं होते, ते येथें एकत्र झाले. किंमत अमेरिकेंत तीनशें डॉलरांच्या घरांत होती. खेळाची चकती टपाल-तिकिटाएवढी. लहान मुलांनीं ती गिळूं नये म्हणून तिच्यावर एका अत्यंत कडू द्रव्याचा लेप दिलेला असतो. मुलांच्या स्वभावाची ही जाण एखाद्या आजीबाईला शोभण्यासारखी आहे!

ही कंपनी जन्मली ती मात्र यंत्रांच्या कारखान्यांत नव्हे. १८८९ सालीं क्योतो शहरांत फुसाजिरो यामाउची नांवाच्या गृहस्थानें हानाफुदा म्हणजे फुलांचे पत्ते करण्याचें दुकान काढलें. या जोडांत ४८ पत्ते. बारा महिन्यांचीं बारा फुलें-झाडें, आणि प्रत्येकाचे चार पत्ते. पत्त्यांची कल्पना जपानांत सोळाव्या शतकांत पोर्तुगीज खलाशांबरोबर आली, आणि तेथील लोकांनीं तिला आपल्या ऋतूंचा पोशाख चढविला. आपल्याकडे इराणांतून आलेल्या गंजिफ्याचें हेंच झालें. मोगली गंजिफ्यांत ९६ पत्ते व आठ रंग. सावंतवाडीच्या दशावतारी गंजिफ्यांत मत्स्यापासून कल्कीपर्यंत दहा रंग, प्रत्येकाचे राजा, प्रधान आणि एक्क्यापासून दश्शीपर्यंतचे दहा असे बारा, मिळून १२० पत्ते. दोन्हीकडे परकी खेळ देशी झाला. पुढचा रस्ता मात्र वेगळा. सावंतवाडीचा गंजिफा खेळणाऱ्यांच्या बैठकी मोडल्यावर चिताऱ्यांच्या हातीं उरला, आणि शिवरामराजे व सत्त्वशीलादेवी भोसले यांनीं राजवाड्यांत आश्रय दिला म्हणूनच तो जगला. क्योतोचें दुकान मात्र १९४९ सालीं संस्थापकाचा पणतू हिरोशी यामाउची याच्या हातीं आलें, आणि त्यानें पत्त्यांवरून खेळण्यांकडे व खेळण्यांवरून विद्युत्-खेळांकडे आपला धंदा वळविला.

या वळणावर गुन्पेइ योकोइ या कारागिराचें नांव घेतलें पाहिजे. आगगाडींत एक कंटाळलेला प्रवासी गणकयंत्राच्या कळा उगाच दाबीत बसला आहे असें त्यानें पाहिलें, आणि त्यांतून १९८० सालचा हातांतला लहान खेळ निघाला, अशी हकीकत प्रसिद्ध आहे. जुनें, सर्वांस ठाऊक असलेलें व म्हणून स्वस्त झालेलें तंत्र घ्यावें आणि त्याला नव्या कामास लावावें, हें त्याचें सूत्र. १९८९ चा 'गेम बॉय' याच सूत्राचें फळ. आणि २०१७ चें स्विचही त्याच घराण्यांतलें. त्याच्या पोटांतील गणनचकती दोन वर्षें आधींच बाजारांत आलेली होती, आणि शक्तीच्या दृष्टीनें तें समकालीन प्रतिस्पर्ध्यांच्या मागें होतें. नवलाई होती ती वापरण्याच्या रीतींत.

आतां 'खास त्या यंत्रासाठींच' या शब्दांचा अर्थ पाहूं. पुस्तक कोणत्याही दिव्याखालीं वाचतां येतें. व्हिडिओ खेळ मात्र बहुधा विशिष्ट यंत्रावरच चालतो. यास तांत्रिक कारण आहे. पण त्याहून मोठें कारण व्यापारी आहे. १९८३ च्या सुमारास अमेरिकेंत निकस खेळांचा इतका सुळसुळाट झाला कीं गिऱ्हाइकांचा विश्वासच उडाला आणि तो सारा धंदा दोन वर्षांत कोसळला. १९८५ सालीं निंटेंडोनें त्या बाजारांत प्रवेश केला तो यंत्राला कुलूप घालून. आंत एक लहानशी चकती बसविलेली असे. कंपनीच्या परवान्याची किल्ली ज्या खेळांत नाहीं तो खेळ यंत्र सुरूच करीत नसे. परवाना घेणाऱ्यांस वर्षाला पांचच खेळ काढण्याची मुभा, आणि तो खेळ दोन वर्षें दुसऱ्या यंत्रावर न नेण्याची अट. निवड कडक झाली, दर्जा सुधारला, आणि मक्तेदारीही आली. या तिन्ही गोष्टी एकाच कुलुपाच्या पोटीं जन्मल्या, हें विसरतां कामा नये.

२०१७ पूर्वींचीं चार-पांच वर्षें या कंपनीला कठीण गेलीं. २०१२ सालचें 'वी यू' हें यंत्र लोकांना पटलें नाहीं. त्याच्या सबंध आयुष्यांत त्याच्या अवघ्या १ कोटी ३५ लाख प्रति खपल्या, जेथें त्याच्या आधींच्या 'वी'च्या १० कोटींहून अधिक खपल्या होत्या. नव्या यंत्राची पहिली घोषणा करणारे अध्यक्ष सातोरु इवाता जुलै २०१५ मध्यें वारले. म्हणजे स्विच बाजारांत आलें तें एका अर्थीं पोरकें, आणि कंपनीची पत त्याच्यावर लागलेली.

पहिल्याच दिवशीं त्याच्याबरोबर आलेला मुख्य खेळ 'द लेजंड ऑफ झेल्डा : ब्रेथ ऑफ द वाइल्ड'. काटेकोरपणें पाहतां हा स्विचचा अनन्य खेळ नव्हे. तो मुळांत वी यूसाठीं योजलेला होता आणि त्याच दिवशीं त्यावरही निघाला. पण जुन्या यंत्राचा शेवट व नव्याचा आरंभ एकाच कृतीनें झाला, म्हणून त्याला वगळतां येत नाहीं. दिग्दर्शक हिदेमारो फुजिबायाशी यांनीं या खेळांतील देशाचा विस्तार ठरवितांना आपल्या राहत्या क्योतो शहराचा नकाशा मापासाठीं घेतला. या देशांत कोणत्याही डोंगरावर चढतां येतें; पावसांत कडे निसरडे होतात; विजा लोखंडी शस्त्र धरणाऱ्याला शोधीत येतात; गवत पेटलें कीं वरच्या दिशेस वारा उठतो आणि त्यावर तरंगतां येतें. मोहफुलें वेचण्याआधीं झाडाखालचा पाचोळा जाळणाऱ्या आमच्या आरमोरीकडील मनुष्याला हें शिकवावें लागणार नाहीं. अमेरिकेंत पहिल्या महिन्यांत यंत्रें खपलीं ९ लाख ६ हजार, आणि त्यांवर चालणाऱ्या या खेळाच्या प्रति खपल्या ९ लाख २५ हजार! संग्रहासाठीं एक आणि खेळण्यासाठीं एक अशा दोन प्रति कांहींनीं घेतल्या, असा याचा खुलासा करण्यांत आला.

त्याच दिवशींचा 'वन-टू-स्विच' हा खेळ खरोखर अनन्य होता, आणि त्याची युक्ति मोठी गमतीची. त्यांत खेळाडूंनीं पडद्याकडे पाहावयाचेंच नाहीं. एकमेकांच्या डोळ्यांत पाहून दस्ता हालवावयाचा. त्यांत गाईची धार काढण्याचीही एक स्पर्धा आहे. हा खेळ वेगळा विकण्याऐवजीं यंत्राबरोबर फुकट द्यावयास हवा होता, अशी टीका त्या वेळीं झाली व ती अनाठायीं नव्हती. जूनमध्यें लांबलचक स्प्रिंगांच्या हातांनीं मुष्टियुद्ध करण्याचा 'आर्म्स', आणि २१ जुलैला 'स्प्लॅटून २' आला. या दुसऱ्यांत शत्रूला मारण्यापेक्षां जमीन आपल्या रंगानें माखण्यास महत्त्व. जणूं दूरदूरच्या मुलांनीं तारेवरून खेळलेली रंगपंचमीच. ऑगस्टअखेर इटलीच्या मिलान शहरांतील कारागिरांनीं मारिओ या निंटेंडोच्या नायकाला घेऊन केलेला एक डावपेंचांचा खेळ निघाला. त्याची घोषणा होतांना मारिओचा जनक शिगेरु मियामोतो यानें व्यासपीठावरून नांव घेतांच प्रेक्षकांत बसलेल्या दिग्दर्शक दावीदे सोलियानी याच्या डोळ्यांत पाणी आलें, तें साऱ्या जगानें पाहिलें. गुरूनें शिष्याची दखल घ्यावी, यापरतें कलावंताला दुसरें काय हवें असतें?

२७ ऑक्टोबरला 'सुपर मारिओ ओडिसी' आला. यांत नायक आपली टोपी फेंकतो, आणि ती ज्याच्या डोक्यावर बसेल त्याच्या देहांत शिरतो. बेडूक, मासा, रणगाडा, कांहींही. आपल्याकडील परकायाप्रवेशाच्या कथा ऐकत वाढलेल्या वाचकाला ही कल्पना परकी वाटूं नये. १ डिसेंबरच्या 'झेनोब्लेड क्रॉनिकल्स २' या प्रदीर्घ कथाखेळानें वर्षाची सांगता झाली. डिसेंबरअखेर यंत्राचा खप १ कोटी ४८ लाखांवर गेला; दहा महिन्यांत त्यानें वी यूच्या जन्मभराच्या खपाला मागें टाकलें. पुढें त्याच्या १५ कोटींहून अधिक प्रति खपल्या. त्या वर्षाच्या उत्कृष्ट खेळाचा मान झेल्डाला मिळाला.

हें यश कशाचें? यंत्राच्या मर्यादा ओळखून, त्या मर्यादांतूनच खेळ घडविल्याचें, असें माझें मत आहे. काढतां येणारे दस्ते नसते तर डोळ्यांत पाहून खेळण्याचा खेळ सुचला नसता. आमच्या भागांतील टसराचा किडा ऐन आणि अर्जुन यांच्या पानांवर वाढतो. तुतीच्या पाल्यावर तो पोसत नाहीं. त्याच्या कोशाचा तो मातकट सोनेरी रंग या रानाशीं असलेल्या त्याच्या नात्यांतूनच येतो. झाडीपट्टीचें नाटकही असेंच. धानाचें पीक घरीं आल्यावर, वडशाच्या मंडळ्यांनीं गांवोगांव रात्रभर करावयाचें हें नाटक चार जिल्ह्यांच्या प्रेक्षकांसाठींच रचलेलें असतें. दरवर्षीं नवीं नाटकें येतात, आणि तीं पुण्या-मुंबईच्या रंगमंदिरांसाठीं नसतात. त्यांच्या आयुष्यभराच्या सेवेची दखल म्हणून परशुराम खुणे यांस २०२३ सालीं पद्मश्री मिळाली, तेव्हां कोठें पुष्कळांना या रंगभूमीचें नांव कळलें. अनन्यतेंत असा गुण असतो.

पण येथें एक भेद केला पाहिजे. झाडीपट्टीचें नाटक पाहावयाचें तर पौषांत वडशाकडे यावें. मंडपाचें दार तिकीट घेणाऱ्या कोणासही उघडें आहे. कोसा येथें होतो, पण त्याचें वस्त्र कोणींही नेसावें. हें बंधन भूमीचें आहे. यंत्राचें बंधन कुलुपाचें आहे, आणि किल्ली एकाच कंपनीच्या कनवटीला. निंटेंडोनें २०१७ सालीं हें यंत्र भारतांत अधिकृतपणें विकलेंच नाहीं. ज्या हौशी लोकांनीं तें मिळविलें त्यांनीं परदेशांतून आणवून किंवा आडबाजारांतून, चढ्या भावानें. आरमोरीच्या मुलानें ते खेळ पाहिले असतील तर भ्रमणध्वनीवर, दुसरा कोणी खेळतांना.

कुलुपाचा खरा धोका तर पुढेंच आहे. २७ मार्च २०२३ रोजीं कंपनीनें वी यू आणि '३डीएस' या आपल्या दोन जुन्या यंत्रांचें तारेवरील दुकान बंद केलें. जे खेळ चकतीवर कधीं निघालेच नव्हते ते त्या दिवसापासून विकत घेण्याचा सरळ मार्ग उरला नाहीं. त्याच वर्षीं अमेरिकेंतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेनें पाहणी करून सांगितलें कीं, २०१० पूर्वीं त्या देशांत निघालेल्या जुन्या खेळांपैकीं शेंकडा ८७ आज बाजारांत उपलब्ध नाहींत. शंभर वर्षांपूर्वीं छापलेलें मासिक एखाद्या नगर वाचनालयाच्या कपाटांत अजून सांपडतें. पंधरा वर्षांपूर्वींचा खेळ सांपडत नाहीं! स्विचच्या बाबतींत थोडा दिलासा आहे. जून २०२५ मध्यें आलेल्या त्याच्या वारसावर जुने बहुतेक खेळ चालतात. पण वारसाचा वारस काय करील, हें कंपनीच्या मर्जीवर आहे, आणि मर्जीवर इतिहास टिकत नाहीं.

जपानच्या कंपनीचें आपणांस काय, असें म्हणून हा प्रश्न झटकतां येणार नाहीं. आपलीं मुलें मोठीं होतील तेव्हां त्यांच्या बाळपणाच्या आठवणींत आट्यापाट्या थोड्या आणि हे खेळ फार असतील. आपण स्वतः तरी या बाबतींत काय केलें आहे? झाडीपट्टीचीं पुष्कळशीं नाटकें छापलीं जात नाहींत. हंगाम संपला कीं संहितेची वही कोणाच्या तरी पेटींत पडते आणि वाळवीच्या भक्ष्यस्थानीं जाते. तेथें कुलूप कोणाचेंच नाहीं, दोष केवळ आपल्या अनास्थेचा आहे. विद्यापीठांच्या ग्रंथालयांनीं पोथ्यांप्रमाणें हीं यंत्रें व त्यांचे खेळ जपावे, जुन्या खेळांची प्रत केवळ अभ्यासासाठीं ठेवण्याची मोकळीक कायद्यानें द्यावी, आणि तोंवर आपण घरच्या मुलांना विचारून, त्यांनीं काय खेळलें, कोणाबरोबर खेळलें आणि त्यांत त्यांना काय आवडलें, हें एखाद्या वहींत लिहून ठेवावें. वडशाच्या वह्यांचें कामही त्याबरोबरच हातीं घेण्यासारखें आहे, आणि त्यासाठीं कोणाच्या परवान्याची वाट पाहण्याचें कारण नाहीं.