'सात रस्ता' चुकीचे नाही

सोलापूरच्या 'सात रस्ता' या चौकाच्या नावात व्याकरणाची चूक आहे, असे शुद्धलेखनाचा आग्रह धरणाऱ्यांना वाटते: सात असतील तर 'रस्ते' हवेत. यावर सोलापूरचे अभिमानी एक उत्तर देतात. इथे मराठीच्या शेजारी कानडी आणि तेलुगू पिढ्यान्‌पिढ्या नांदतात, आणि कानडीत 'एळु मने' म्हणजे सात घरे म्हणताना अनेकवचनाचा प्रत्यय लावावाच लागतो असे नाही. तीच लकब इथे उतरली. उत्तर मोहक आहे, पण टिकत नाही. मुंबईतल्या जेकब सर्कललाही, म्हणजे आजच्या संत गाडगे महाराज चौकालाही, लोक 'सात रस्ता'च म्हणतात, आणि तिथे कानडीचा असा शेजार नाही.

खरे कारण मराठीच्या घरातलेच आहे. चौरस्ता, नवरात्र, सातपुडा हे द्विगू समास आहेत. संख्या आणि नाम जुळून त्यांची एकच वस्तू होते, आणि ती एकवचनी चालते. सातपुड्याच्या घड्या कितीही असोत, आपण 'सातपुडा लागला' असेच म्हणतो. पुरावा रोजच्या बोलण्यातच आहे. 'सात रस्त्यावर भेटू' म्हणजे त्या चौकात. 'सात रस्त्यांवर' म्हटले, की सात वेगळ्या वाटा डोळ्यांपुढे येतात. एका अनुस्वाराने अर्थ पालटतो. 'रस्ता' शब्द फारसीतून आला खरा, पण त्याला हा साचा मराठीने दिला. पाटी रंगवणाऱ्यांनी तिथे 'सात रस्ते' करू नये.